मानेपासून कमरेपर्यंत

करारात लिहिलंय : मानेपासून कमरेपर्यंत,
शिवाय दोन्ही हात, कोपराच्या खाली.
उरलेली मी
पहाटे पावणेपाचच्या बसने
बुडापेस्टहून एत्येकच्या स्टुडिओत येते,
द्राक्षमळ्यांच्या कडेने, अंधारात,
मांडीवर उकडलेल्या अंड्यांचा डबा.
उरलेल्या मला कुणी बोलावलेलं नसतं.

मेकअपवाली किंगा रोज
माझ्या डाव्या खांद्याखाली एक तीळ काढते.
तीळ बाईंचा.
आधी फोटोवरून, पट्टी लावून मोजून काढायची;
आता नुसत्या सवयीने,
आपल्या घटस्फोटाच्या तारखा सांगत.
माझा स्वतःचा व्रण,
सायकलसकट काटेरी तारेत गेले होते तेव्हाचा,
सगळ्यात आधी बुजवला जातो.
एकदा तीळ न धुताच झोपले.
सकाळी उशीच्या अभ्र्यावर
बाई. एवढासा ठिपका.

दिवे जुळवताना तासन्‌तास उभी असते.
जमिनीवर पिवळ्या चिकटपट्टीची फुली, तिच्यावर पाय.
"दुसरी, जरा डावीकडे."
दुसरी म्हणजे मी. बोग्लार्का हे नाव
परदेशी जिभेवर बसत नाही,
आणि बसवायला कुणाला सवड नाही.
उजेड मनासारखा पडला की बाई येतात,
ऊबदार कोट उतरवतात
आणि मी तापवून ठेवलेल्या फुलीवर उभ्या राहतात.
एकदा हसून म्हणाल्या, जरा जेवत जा,
पाठीत मी तुझ्याहून भरलेली आहे.
मग तीन आठवडे
निर्मात्याच्या खर्चाने लोणी खाल्लं.

मरणाच्या प्रसंगाला बाई नव्हत्या.
विमान होतं त्यांचं.
मी पडून राहिले, कॅमेऱ्याकडे पाठ करून,
आणि तो देखणा माणूस
माझ्या खांद्यावर कपाळ टेकून म्हणाला, जाऊ नकोस.
अकरा वेळा म्हणाला.
सातव्यांदा त्याचा आवाज खरोखरच फाटला
आणि माझ्या पाठीवर सर्रकन काटा आला.
कट! मेलेल्याला काटा येत नाही, दुसरी.
आठव्यापासून मी श्वास कोंडून
आईच्या इमारतीच्या पायऱ्या मोजत राहिले.
जन्मात मला कुणी
इतक्यांदा थांब म्हटलं नव्हतं.

वर्षाने सिनेमा वेस्प्रेमला लागला.
आमच्याकडे पडद्यावर सगळे हंगेरियन बोलतात :
ओठ बाईंचे, आवाज कुणा तिसरीचा, पाठ माझी.
तिघींची मिळून एक बाई होते, आणि ती मरते.
आईने लग्नकार्याचा निळा कोट घातला होता,
दुपारपासूनच केस बांधून बसली होती.
मी कुठे कुठे आहे
ते मुद्दामच सांगितलं नव्हतं तिला.

मी आले तेव्हा
(चौतीस सेकंद, मी मोजलेत)
ती पर्समध्ये खोकल्याची गोळी शोधत होती.
चांदीचा कागद चुरचुरला,
पुढच्या रांगेतून कुणीतरी वळून पाहिलं,
तेवढ्यात माझं मरण होऊन गेलं.

मग जुन्या आठवणीचा एक तुकडा :
खिडकी, सफरचंद, सुरी, दोन हात.
चेहरा चौकटीबाहेर.
त्या दिवशी मला ताप होता,
हात बाईंचेच.
आईने कोपर मारलं.
"करंगळी बघ! तुझ्या आजोबांची करंगळी,
अगदी तश्शी वाकडी. शंभरात ओळखीन मी."

माझी करंगळी सरळ आहे. आधीपासूनच.
मी ती अंधारात मुठीत घेतली
आणि म्हटलं, हो गं, मीच ती.

आई रडली. फार नाही,
गोळी एका गालातून दुसऱ्या गालात नेण्याइतकी.
पडद्यावर साल उलगडत खाली आली,
कुठेही न तुटता.
एका सफरचंदापुरत्या बाई
माझ्या जागी उभ्या होत्या,
आणि त्याचे पैसे त्यांना
कुणी दिले नाहीत.